ब्रेकच्या रबराला पेट्रोल दाखवू नका

मे महिना सरत आला की आपल्या जळकोट भागात पेरणीची तयारी सुरू होते. बियाणं, खत, तिफण, ट्रॅक्टरवाल्याचा नंबर, सगळ्याची आठवण होते. मोटारसायकलच्या ब्रेकची मात्र कोणालाच होत नाही. पुढचे चार महिने सगळा भार तर त्याच गाडीवर असतो. टाकीवर खताचं पोतं, मागं माणूस, हँडलला जेवणाचा डबा, खाली काळ्या मातीचा चिखल. त्यात आपला तालुका डोंगराळ. बालाघाटाच्या चढउतारावरचे शेतरस्ते आणि उदगीर-जांबकडं जाणारी वर्दळ, दोन्हीकडं ब्रेकची परीक्षा असते. म्हणून पाऊस पडायच्या आत हे सांगतो आहे. ज्यांच्या पुढच्या चाकाला डिस्क ब्रेक आहे आणि गाडी चार-पाच वर्षांची होऊन गेली आहे, त्यांनी यंदा कॅलिपरचं किट बदलायचा विचार करावा. हाताला पान्याची सवय असेल तर हे काम घरच्या अंगणात होतं. पण ते नीट झालं पाहिजे. अर्धवट बसवलेल्या नव्या किटापेक्षा जुनं किट बरं.

आधी कॅलिपर म्हणजे काय ते थोडक्यात. चाकाबरोबर फिरणाऱ्या लोखंडी चकतीला दोन्ही बाजूंनी पॅडनं आवळणारा चिमटा म्हणजे कॅलिपर. त्याच्या पोटात पिस्टन असतो आणि पिस्टनभोवती, आतल्या खाचेत, चौकोनी कडांचं एक रबरी सील. लिव्हर दाबली की पिस्टन पुढं सरकतो आणि हे सील त्याच्याबरोबर थोडं वाकतं. लिव्हर सोडली की सील पुन्हा सरळ होतं आणि पिस्टनला केसा-दोन केसांच्या जाडीएवढं मागं ओढून घेतं. पिस्टन मागं ओढणारी स्प्रिंग तिथं नसते. ते काम रबराच्या त्या कड्याकडंच आहे. कडं कडक झालं, फुगलं किंवा त्याच्या खाचेत गंज धरला की पिस्टन मागं येत नाही. पॅड चकतीला घासत राहतो. गाडी न्यूट्रलमध्ये ढकलताना जड जाते, ॲव्हरेज पडतं, चार किलोमीटरवर चकती हात लावू देत नाही इतकी तापते.

ही लक्षणं दिसली म्हणून लगेच किट आणायला धावू नका. दोष कॅलिपरचाच आहे का, ते दहा मिनिटांत कळतं. गाडी डबल स्टँडवर लावा, मागं एकाला बसवा म्हणजे पुढचं चाक उचललं जाईल. चाक फिरवा, लिव्हर दाबा, सोडा. चाक अडकूनच राहिलं तर कॅलिपरवरची हवा काढायची निपल, बहुतेक गाड्यांना ८ नंबरचा रिंग पाना लागतो, पाव आटा सैल करा. खाली फडकं धरा. थोडं ऑइल उडालं आणि चाक मोकळं झालं, तर दाब वरतीच कोंडलेला आहे. मग दोष हँडलजवळच्या मास्टर सिलिंडरमध्ये किंवा पाइपात. कॅलिपरचं किट बदलून काहीच फरक पडणार नाही. निपल सोडूनही चाक अडलेलंच राहिलं, तर कॅलिपर. आणखी एक बघा. कॅलिपर हातात धरून आडवा हलवा. तो ज्या दोन पिनांवर सरकतो त्यांवर तो थोडा मागंपुढं झाला पाहिजे. होत नसेल तर पिना जाम आहेत. अशा गाडीत एक पॅड संपत आलेला आणि दुसरा जाडच राहिलेला सापडतो. पिनांचं काम पिस्टन न काढताही होतं. पण एवढं उघडलंच आहे तर किट घालून घ्यावं, असं माझं मत आहे.

आता दुकान. पल्सरसारख्या गाड्यांना कॅलिपर कोणत्या कंपनीचा आहे, हे गाडीच्या नावावरून ओळखता येतंच असं नाही. एकाच नावाच्या गाडीला सालानुसार वेगवेगळ्या कंपन्यांचे कॅलिपर आलेले असू शकतात. कोणाचा संभाजीनगरच्या एन्ड्युरन्सचा, कोणाचा ब्रेम्बोच्या पुण्यातल्या बायब्रेचा, कोणाचा जपानी निसिनचा. कॅलिपरवरचा चिखल धुऊन काढला की अंगावर नाव दिसतं. ते वाचा, मोबाइलवर फोटो काढा आणि गाडीच्या आरसी बुकासह तोच दुकानदाराला दाखवा. पिस्टन बाहेर काढून मोजता आला तर त्याचा व्यासही मिलिमीटरमध्ये लिहून न्या.

आपल्याकडं कोणताही पार्ट आणायचा तर जुना नमुना खिशात टाकून न्यायची पद्धत आहे. बोल्टाला, बेअरिंगला, केबलला ती पद्धत चांगली. सीलला मात्र ती फसवते. जुनं सील बहुधा फुगलेलं असतं, नाहीतर आखडलेलं. दुकानदार त्याच्याशी नवं जुळवून बघतो आणि एक माप मोठं देतो. ते खाचेत बसवताना दाबून बसतं, आपण म्हणतो "मस्त टाइट बसलं", आणि तेच पिस्टनला आवळून धरतं. म्हणून माप पिस्टनचं न्यायचं, नमुना सीलचा न्यायचा नाही.

दुकानात दोन प्रकारची किटं मिळतात. मायनर किटात जाड आतलं सील, पातळ बाहेरचं डस्ट सील, पिनांची रबरी बुटं, कधी निपलची टोपी. मेजर किटात त्याबरोबर पिस्टनही. कोणतं घ्यायचं ते पिस्टनच ठरवतो. सील कॅलिपरच्या खाचेत बसलेलं असतं आणि पिस्टनच्या अंगावरून सरकतं. म्हणून पिस्टनच्या चकचकीत अंगावर नखाला लागेल असा एकही खड्डा किंवा ओरखडा असला तर नवाच पिस्टन घ्या. पॉलिश पेपरनं घासून तो खड्डा जात नाही, वर क्रोम मात्र जातं. पाकिटावर पार्ट नंबर, कमाल किंमत, कंपनीचं नाव आणि बनवल्याची तारीख छापलेली हवी. सुट्या पुडीतलं, रबर बँडनं बांधलेलं किट कितीही स्वस्त असलं तरी नको. अस्सल किटही काही सोन्याच्या भावाचं नसतं. त्याच दुकानातून ब्रेक पाइपाच्या बोल्टाला लागणारे दोन तांब्याचे वायसर नवे घ्या. जुने वायसर एकदा दाबले गेलेले असतात, दुसऱ्यांदा ते ऑइल धरतीलच याची खात्री नाही.

आता ज्यासाठी हा सगळा लेख लिहायला घेतला त्या गोष्टीकडं येतो.

आपण सगळे त्याला ब्रेक ऑइल म्हणतो. मीही म्हणतो. पण त्या शब्दानंच आपलं नुकसान केलं आहे. ऑइल म्हटलं की माणसाला वाटतं, हे इंजिन ऑइलचं भावंड. म्हणून कमी पडलं की थोडं इंजिन ऑइल ओतलं, धुवायचं झालं की पेट्रोल-डिझेल वापरलं, जाम झालं की ग्रीस लावलं. आपल्या गाड्यांत जे डॉट ३ किंवा डॉट ४ असतं ते तेल नव्हे. ते पाण्यात विरघळतं. ग्लासभर पाण्यात त्याचे दोन थेंब टाका, मिसळून दिसेनासे होतात. इंजिन ऑइलचे दोन थेंब टाका, वर तरंगतात. ब्रेकचं रबर त्या विरघळणाऱ्या द्रवासाठी बनवलेलं असतं. पेट्रोल, डिझेल, रॉकेल, साधं ग्रीस, गंज सोडवायचा स्प्रे, यांपैकी काहीही त्याला लागलं की ते पिऊन फुगतं.

दहा-बारा वर्षांपूर्वी माझ्या गाडीचं किट मी एका मिस्त्रीकडून बसवून घेतलं. माणूस कष्टाळू, हात स्वच्छ. त्यानं पिस्टन काढला, सगळे सुटे भाग पेट्रोलच्या डबड्यात टाकले, ब्रशनं लखलखीत केले. नवं सीलही पाकिटातून काढून त्याच डबड्यात एकदा बुडवलं, वर थोडं पिवळं ग्रीस लावलं आणि बसवलं. मी शेजारी उभा होतो, मला तो काम मन लावून करतोय असंच वाटलं. तीन आठवड्यांनी उतारावर पुढचं चाक धरलं. मागं माझी लेक बसलेली होती. गाडी सावकाश होती आणि कडेला मऊ शेत होतं म्हणून गुडघे खरचटण्यावर निभावलं. घरी येऊन कॅलिपर उघडला तर तीन आठवड्यांपूर्वीचं नवं सील खाचेबाहेर फुगून आलेलं, कडांचा चौकोन गेलेला, बोटानं चोळलं तर काळं सुटणारं.

तेव्हापासून ज्याला पटत नाही त्याला मी एकच गोष्ट करायला सांगतो. कॅलिपरमधून काढलेलं जुनं डस्ट सील कात्रीनं दोन तुकडे करा. एक तुकडा झाकणाच्या बाटलीत पेट्रोलमध्ये, दुसरा तसल्याच बाटलीत ताज्या ब्रेक ऑइलमध्ये. बाटल्या घराबाहेर, चुलीपासून आणि लेकरांपासून लांब ठेवा. दुसऱ्या दिवशी दोन्ही तुकडे कागदावर शेजारी शेजारी मांडा. पेट्रोलमधला जाड, लांब आणि बुळबुळीत झालेला असतो. पुढं काही समजावून सांगावं लागत नाही.

तीच पाण्याची परीक्षा गाडी उघडायच्या आधी आपल्या गाडीची घ्या. हँडलवरच्या टाकीतलं थोडं ऑइल ड्रॉपरनं काढून पाण्यात टाका. तवंग आला, तर कोणीतरी कधीतरी त्यात तेल ओतलेलं आहे. मग नुसतं कॅलिपरचं किट पुरणार नाही. मास्टर सिलिंडरचं रबर, टाकीच्या झाकणाखालचा रबरी पडदा, ब्रेकचा पाइप, सगळंच बदलावं लागेल. ते काम चांगल्या गॅरेजवर द्या.

उघडण्याचा क्रमही सांगतो, कारण इथं घाई झाली की बोल्ट तुटतो. कॅलिपर चाकाजवळ घट्ट बसलेला असतानाच निपल आणि पाइपाचा बोल्ट एक-एकदा थोडा सैल करून पुन्हा लावून घ्या. एकदा कॅलिपर हातात आला की त्याला धरून जोर लावता येत नाही. मग पॅड काढा, कॅलिपर सोडवा, पण पाइप जोडलेलाच ठेवा आणि लिव्हर हळूहळू दाबत राहा. पिस्टन आपोआप बाहेर येतो. समोर लाकडाचा तुकडा धरा, बोट कधीही धरू नका. वरच्या टाकीत ऑइल भरत राहा. पाइप आधीच काढून टाकला असेल आणि पिस्टन आत राहिला असेल तर पंक्चरवाल्याच्या हवेनं तो निघतो. पण तेव्हा तो गोळीसारखा उडतो. कॅलिपर जाड फडक्यात गुंडाळून, लाकूड लावून, थोडी थोडी हवा सोडायची. पिस्टनला पक्कड लावायची नाही, एकाच ओरखड्यात तो बाद होतो.

सील काढायला सुई किंवा स्क्रू ड्रायव्हर घेऊ नका. बांबूची चपटी काडी करून घ्या. त्याच काडीनं खाच साफ करा. सगळ्यात जास्त वेळ द्यायचा तो इथं. खाचेच्या तळाशी पांढुरका, खडबडीत थर असतो. ॲल्युमिनियमचा तो गंजच. दिसायला किरकोळ, पण तोच सीलला मागून ढकलून पिस्टनवर आवळतो. काडीच्या टोकाला कापड गुंडाळून, ताज्या ब्रेक ऑइलमध्ये बुडवून, बोटाला तळ गुळगुळीत लागेपर्यंत फिरवा. नवं किट घालूनही महिन्याभरात पिस्टन पुन्हा जाम झाला, अशी तक्रार घेऊन कोणी आलं की मी आधी खाच बघतो. खाच खोल खाल्लेली असेल, काडीला खड्डे लागत असतील, तर कॅलिपरच नवा घ्या.

धातूचे भाग धुवायला ब्रेक क्लीनरचा स्प्रे मिळतो. तो धातूवर मारा, वाळू द्या, मग रबर जवळ आणा. तोही नसेल तर ताजं ब्रेक ऑइल आणि स्वच्छ सुती कापड पुरे. चकतीवरची काळी भुकटी तोंडानं किंवा हवेनं फुंकू नका, ओल्या कापडानं पुसा.

बसवताना नवं सील ब्रेक ऑइलमध्ये बुडवून बोटानं खाचेत घाला. जाड सील आतल्या खाचेत, पातळ डस्ट सील बाहेरच्या, पॅडकडच्या खाचेत. सीलला पीळ पडलेला नाही ना, ते बोट फिरवून बघा. पिस्टनलाही ऑइल लावा आणि दोन्ही अंगठ्यांनी सरळ आत दाबा. तो वाकडा अडला तर बाहेर काढून पुन्हा सरळ धरा. हातोडी लागत असेल तर काहीतरी चुकलं आहे. सरकणाऱ्या पिनांना मात्र ग्रीस लागतं. तेही सिलिकॉनचं, ब्रेकसाठी म्हणून मिळणारं. चाकाच्या बेअरिंगचं पिवळं ग्रीस पिनेच्या बुटातही नको, बूट फुगून पीन पुन्हा अडते. पॅडला आणि चकतीला ग्रीसचा, ऑइलचा बोटभरही डाग नको. बोल्ट गाडीच्या पुस्तकात दिलेल्या मापानं आवळा. पान्याला पाइप लावून ताकद दाखवायची ही जागा नाही, ॲल्युमिनियमचे आटे क्षणात जातात.

ऑइल कोणतं, ते टाकीच्या झाकणावर लिहिलेलं असतं. डॉट ४ असेल तर डॉट ४. डॉट ५ हे सिलिकॉनचं, वेगळ्याच जातीचं, त्याची यात भेसळ चालत नाही. बाटली सीलबंद घ्या. दुकानातलं किंवा शेजाऱ्याकडचं उघडं ऑइल नको, कारण हा द्रव हवेतलं पाणी ओढून घेतो. ताजं डॉट ४ किमान २३० अंशांपर्यंत उकळत नाही. पाणी मुरल्यावर तीच मर्यादा १५५ अंशांपर्यंत खाली येऊ शकते. लांब उतारावर, ओझं घेऊन, सतत ब्रेक दाबत आलात की आतलं पाणी उकळून वाफ होते आणि लिव्हर हँडलला जाऊन टेकते. म्हणून किट बदलो न बदलो, दर दोन वर्षांनी ऑइल बदलायचं. ते रंगावर सांडलं तर लगेच भरपूर पाणी ओता, नाहीतर टाकीचा रंग सोलून निघतो.

हवा काढायला दोन माणसं लागतात. आमच्याकडं लेक लिव्हरवर असते. मी निपलला पारदर्शक नळी लावतो, तिचं दुसरं टोक थोडं ऑइल असलेल्या बाटलीत बुडवतो. "दाब." "दाबलं अप्पा." "धर." मी निपल पाव आटा सोडतो, बुडबुडे येतात, निपल बंद करतो. "सोड आता." निपल बंद झाल्याशिवाय लिव्हर सुटली की हवा परत आत जाते, म्हणून बोलून काम करायचं. कॅलिपर रिकामा झालेला असल्यामुळं पहिल्या वीस-पंचवीस दाबांत लिव्हरला काहीच लागत नाही. घाबरू नका आणि भराभर पंपही मारू नका. दर चार-पाच दाबांनंतर वरची टाकी बघा, पातळी खालच्या खुणेच्या खाली जाऊ देऊ नका. नळीत बुडबुडा येईनासा झाला आणि लिव्हर दगडासारखी लागली की झालं. थोडी मऊ वाटली तर जुन्या ट्यूबच्या पट्टीनं लिव्हर हँडलला आवळून रात्रभर ठेवा. बारीक बुडबुडे वर चढतात. सकाळी पुन्हा एकदा हवा काढा.

एक सूचना एबीएसवाल्यांना. १ एप्रिल २०१९ पासून १२५ सीसीच्या वरच्या नव्या दुचाकींना एबीएस सक्तीचं झालं. अशा गाडीत टाकी कोरडी पडून हवा एबीएसच्या डब्यात शिरली तर ती काढायला कंपनीच्या सर्व्हिस सेंटरचं यंत्र लागू शकतं. त्या गाडीचं काम घरी करायचं तर टाकी एकदाही रिकामी होता कामा नये. एवढी खात्री नसेल तर सरळ सर्व्हिस सेंटरला न्या. त्यात कमीपणा काही नाही.

आणि ज्यांनी कधी चाकही सोडवलेलं नाही, त्यांनी हे काम घरी करू नये. पण मिस्त्रीकडं गाडी दिलीत तर शेजारी उभे राहा. नव्या सीलचं पाकीट तुमच्यासमोर फोडायला लावा. आणि पेट्रोलचं डबडं पुढं आलं की हात जोडून सांगा, "मिस्त्री, रबर यात नको." चांगला मिस्त्री रागावत नाही.

काम झाल्यावर गाडी सुरू करायच्या आधी अंगणातच लिव्हर पूर्ण जोरानं दाबून धरा आणि साठपर्यंत मोजा. निपलपाशी, पाइपाच्या बोल्टापाशी कोरडं बोट फिरवून ओल लागते का बघा. लिव्हर मोजता मोजता हळूहळू हँडलकडं जायला लागली, किंवा बोटाला ओल लागली, तर त्या दिवशी गाडी अंगणाबाहेर काढू नका. पेरणी एक दिवस उशिरा झाली तरी चालेल.